कापलेल्या गाण्याच्या जागी

“त्यानं विचारलंबिचारलं काही नाही,” सुमन म्हणाली. “आला, दारात चपला काढल्या आणि तिच्यासमोर बसून बटला सोलायला लागला. एवढं लिहा.”

मी लिहायला घेतलं. माझं एक बोट फोनवर अक्षर शोधत हिंडतं आणि तोवर सुमनचं बोलणं पुढच्या गल्लीत पोचलेलं असतं. बटला म्हणजे मटार. इंदूरला सगळे बटलाच म्हणतात, आणि घरात मराठी बोलतानाही आमच्या तोंडी तोच शब्द येतो. ‘ब’ सापडला, ‘ट’ सापडला, ‘ला’ करताना काना निसटून दुसरीकडे गेला, तो पुसून परत आणला. “दाणे तिच्या ताटलीत टाकायचा,” सुमन सांगत होती, “आणि टरफलं स्वतःच्या पायाशी. एखादी शेंग अगदी कोवळी निघाली, तर ती उघडायचीच नाही. तशीच तिच्यापुढे ठेवायची. बोलायचं काही नाही.” माझं बोट तिथं थांबलं. बाहेर बडा गणपतीच्या रस्त्यावर रिक्षावाल्यांचे भोंगे चालू होते, खिडकीतून पौषातलं ऊन सतरंजीवर आलं होतं आणि त्या उन्हात आमच्या दोघांच्या मध्ये तिसरं कोणीतरी मांडी घालून बसलंय असं मला एकदम वाटलं. इतकं खरं वाटलं, की मी मान वळवून दाराकडे पाहिलं. दारात माझ्याच चपला होत्या. एक सुलटी आणि एक पालथी.

“काय झालं? लिहा ना,” ती म्हणाली.

“लिहितोय. कोवळी कशी लिहायची ते बघतोय.”

कोवळी कशी लिहायची ते मला येत होतं. मला अक्षरं उशिरा आली, पण आली ती पक्की आली. येत नव्हतं ते हे, की ही कोवळी शेंग कोणाची, असं बायकोला कसं विचारायचं. आणि तेही आपण गोष्ट लिहीत असताना, जी आमची नव्हतीच, एका तेलुगू पिक्चरमधल्या राजा आणि भानूची होती.

हे पिक्चर आम्ही रोज दुपारी बघतो. मुलगा यशवर्धन आणि सूनबाई ऑफिसला जातात, नात संहिता कॉलेजला, आणि जेवणं झाली की सुमन टीव्ही लावते. हिंदीत बोलणारे तेलुगू पिक्चर. हीरो एका नारळानं गुंडांची अख्खी जीप उलटवतो, हिरोइनीचे केस वारा नसताना उडतात, आईचं रडणं संपत नाही, आणि प्रत्येकाचे ओठ एक बोलतात आणि आवाज दुसरंच. त्याची सवय होते. सवय झाली नाही ती एका गोष्टीची. टीव्हीवाले गाणी कापतात. त्यांचंही बरोबर आहे, तेलुगू गाण्यावर हिंदी आवाज कोण चढवणार, आणि तेवढ्या वेळात साबणाच्या जाहिराती बसतात. पण त्या पिक्चरांमधली माणसं प्रेमात पडतात ती नेमकी गाण्यात पडतात. त्यामुळे आम्हाला ते कधी दिसतच नाही. हा राजा म्हणजे गोदावरीवरचा नावाड्याचा पोरगा. भानू पुलाचं माप घ्यायला आलेली इंजिनिअर. ती त्याच्या अंगावर मासे धुतलेल्या पाण्याची बादली ओतते, तो चेहरा पुसत तिच्याकडे बघतो, जाहिराती लागतात, आणि जाहिराती संपल्यावर ती घाटावर त्याचा डबा घेऊन उभी असते आणि तो उशिरा आला म्हणून तिच्या डोळ्यांत पाणी असतं. पहिल्यांदा बघितलं तेव्हा सुमननं रिमोट मांडीवर आपटला होता. “अहो, पण हे पडले कधी?”

मी सहज म्हणालो, “सांगू?” आणि सांगितलं. बादलीच्या पाण्यानं राजाचा एकुलता सदरा खराब झाला, म्हणून भानूनं तो धुवायला मागून घेतला, आणि वाळत घातलेला सदरा वाऱ्यानं नदीत गेला, आणि तो काढायला दोघांना एका नावेत बसावं लागलं. सुमन ऐकत राहिली. शेवटी म्हणाली, “हं. आता डब्याचं पटतं.” मला त्या ‘हं’चं फार बरं वाटलं. मग प्रत्येक पिक्चरला ती जाहिराती लागल्या की आवाज बंद करून माझ्याकडे वळायला लागली. एकदा संहिताला लवकर सुट्टी झाली होती. ती दारात उभी राहून ऐकत होती ते आम्हाला कळलंच नाही. “आबा, यार, तुम्ही तर फुल रायटर आहात,” ती म्हणाली आणि तिनं माझ्या फोनमध्ये एक ॲप टाकून दिलं. पिक्चरचे चाहते आपल्या मनानं पुढचं-मागचं लिहितात, ते तिथं छापून येतं. राजा-भानूचं आमच्यासारखंच खूळ लागलेले लोक तिथं पुष्कळ निघाले. माझ्या नावानं कोणी प्रेमकथा वाचणार नाही, असं संहिताचं म्हणणं पडलं, म्हणून तिनं नाव दिलं, ‘भानूची मैत्रीण’. तेव्हापासून नांदेड, सोलापूर, भोपाळ कुठून कुठून पोरी मला ताई म्हणतात. ‘ताई, तुम्हाला मुलीच्या मनातलं किती कळतं.’ सुमनला हे वाचून दाखवलं तेव्हा ती इतकी हसली, की तिला ठसका लागला आणि मला पाणी आणायला उठावं लागलं.

खरं तर मला मनातलं कळत नाही, मला कापलेलं कळतं. कामाला होतो ती कापड मिल बंद पडल्यावर मी कृष्णपुऱ्याकडच्या एका टॉकीजमध्ये दारावर होतो. हातात टॉर्च, तिकीट बघायचं, उजेडाचा गोल पायऱ्यांवर टाकायचा, माणसाला त्याच्या खुर्चीपर्यंत सोडायचं आणि परत दाराच्या पडद्याआड येऊन उभं राहायचं. मालक सणासुदीला एक खेळ जास्त बसावा म्हणून ऑपरेटरला सांगून गाणी उडवायचा. पब्लिक शिट्ट्या मारायचं, खुर्च्या वाजवायचं, आणि मी अंधारात उभा राहून ते गाणं मनात भरून काढायचो. एकही पिक्चर मी पहिल्यापासून शेवटपर्यंत सलग पाहिला नाही. कोणाला बाहेर सोडायचं, कोणाला आत घ्यायचं, त्यात मधलं जायचं. सुमन दुपारचा डबा घेऊन यायची आणि आम्ही बाहेरच्या पायरीवर बसायचो. समोर पोस्टर असायचं. ती सातवीपर्यंत शिकलेली. डबा उघडता उघडता ती बोटानं पोस्टरवरचं एकेक अक्षर दाखवायची आणि मी तोंडात घास घेऊन ते म्हणायचो. पुढच्या शुक्रवारी पोस्टर बदललं की नवीन अक्षरं. माझी बाराखडी अशी मारामारीच्या आणि प्रेमाच्या पिक्चरांनी भरलेली आहे. कधी पडलास, असं मला कोणी विचारलं, तर मी त्या पायरीकडे बोट दाखवीन. एक पोस्टर होतं, त्यावरचं पूर्ण नाव मी एका दमात वाचलं आणि सुमननं डब्यातली शेवटची पोळी माझ्याकडे सरकवली. माझं मला ठाऊक आहे. तिचं मला ठाऊक नव्हतं, आणि बटल्याच्या शेंगेपर्यंत ते ठाऊक नाही हेही माझ्या ध्यानात आलं नव्हतं.

कारण हे आमच्यात कोणी विचारत नाही. बघायला गेलो, पोहे खाल्ले, होय म्हणून आलो. तिला होय-नाही विचारलं असेल का, देव जाणे. मग लग्न, मग मिलचा भोंगा, मग यशवर्धन, मग मिल बंद, मग टॉकीज, मग टॉकीजही बंद. बादली ओतली आणि डबा घेऊन उभी राहिली, एवढंच मला दिसलं होतं. मधलं गाणं तिच्याकडे होतं आणि माझ्याकडे साबणाच्या जाहिराती.

गोष्ट सांगायची हौस तिला त्या दुपारी अचानक आली. रोजच्यासारखा पिक्चर लागला होता, तोच, राजा-भानूचा, कारण हे लोक एकच पिक्चर महिन्यात पुन्हा पुन्हा लावतात. मी नदीवरचा एक नवीन प्रसंग रचत होतो आणि राजा भानूला चंद्राबद्दल काहीतरी म्हणत होता. “तुमचा राजा फार बोलतो हो,” सुमन म्हणाली. “प्रेमात पडायला एवढं बोलावं लागत नाही. आज मी सांगते. तुम्ही लिहा.” आणि मग तो चपला काढून आत आला.

मी तिच्या माहेरची सगळी माणसं रात्रंदिवस मनात उभी केली. देवासचं घर, मागचं अंगण, पुढे भाडेकरू. भाऊ सोलत असतील का? भावाच्या ताटलीचं एवढं कोण लक्षात ठेवतं? एक मावसभाऊ होता, पण त्याला एका हातानं पतंग आणि दुसऱ्या हातानं विडी लागायची, तो शेंगा कशानं सोलणार? आणि माझ्याबद्दल तर प्रश्नच नव्हता. मी आयुष्यात बटला सोललेला नाही. आमच्या घरी पुरुषांनी बटल्याची कचोरी खायची आणि हिंग कमी पडला म्हणायचं, एवढंच काम होतं. दात घासताना, औषधाची गोळी घेताना, लालबागेच्या भिंतीकडेनं सकाळी फिरताना तो माणूस माझ्याबरोबर होता. त्याचा चेहरा नव्हता, फक्त हात होते. शेंग उघडताना अंगठ्याचं नख कसं आत घालायचं ते त्या हातांना बरोबर येत होतं. या वयात असलं काही वाटणं किती हास्यास्पद आहे ते मला कळत होतं आणि त्यानं काही कमी होत नव्हतं. उलट फिरायला येणारी माझ्याच वयाची माणसं दिसली की मी त्यांच्या हातांकडे बघायला लागलो.

तिसऱ्या दिवशी मी थैली घेऊन कोपऱ्यावरच्या भाजीवालीकडे गेलो. “दौलत बा साब, आज आप?” ती म्हणाली. “बाई जी की तबीयत तो ठीक है?” तिला वाटलं, सुमन आजारी असल्याशिवाय मी कशाला येईन. मी म्हणालो, बटला दे, चांगला बघून. ती म्हणाली, आप ही छाँट लो. आणि मला निवडता येईना. सगळ्या शेंगा सारख्या हिरव्या. घरी आलो, दारात चपला काढल्या, सुमनसमोर जाऊन बसलो आणि सोलायला लागलो. ती तांदूळ निवडत होती. तिनं एकदा माझ्याकडे बघितलं, एकदा थैलीकडे.

“काय झालं तुम्हाला?”

“कुठे काय. बसलोय तर म्हटलं सोलावं.”

“हं.”

हे ‘हं’ वेगळं होतं. मी शेंग मधूनच मोडायचो, दाणे उडून पलंगाखाली जायचे. टरफलं आणि दाणे एकाच ताटलीत पडत होते आणि कुठली ताटली कोणाची हे मीच विसरलो. एक कोवळी शेंग मला सापडली. मी ती न उघडता तिच्यापुढे ठेवली आणि वाट बघत बसलो. सुमननं ती उचलली, उजेडात धरली आणि म्हणाली, “अहो, अळी आहे. राहू द्या आता. तुम्ही गोष्ट लिहा, ते बरं.” आणि तिथल्या तिथे तिनं पुढचा भाग सांगायला सुरुवात केली.

“राजा उंच होता,” ती म्हणाली. “भानूच्या घराचं दार ठेंगणं, म्हणून रोज वाकून यायचा आणि तरी रोज डोकं आपटायचा.” मी पाच फुटांवर थोडाच आहे. आमच्या घरात माझं डोकं कधी कशालाच लागलेलं नाही. माझं बोट फोनवर होतं आणि ‘उ’ समोर होता. मी तो दाबला नाही. मी लिहिलं, ‘राजा उंचीनं बेताचा होता.’ हे पाप आहे की काय असं वाटून मी सुमनकडे पाहिलं. तिला फोनवरची अक्षरं उंदराच्या लेंड्यांसारखी दिसतात, असं ती स्वतःच म्हणते. ती भिंतीकडे बघत सांगत होती. “आणि बटला सोलताना तो गुणगुणायचा.” मी लिहिलं, ‘त्याला बटला सोलता यायचा नाही.’ “भानूला वाटायचं, ताटली भरूच नये.” मी लिहिलं, ‘तो दारापाशी टॉर्च घेऊन उभा राहायचा, भानूनं अंधारात ठेचकाळू नये म्हणून.’ आणि काय सांगू, इतके महिने मी एकेक अक्षर शोधत होतो, पण त्या दुपारी अक्षरं आपणहून बोटाखाली येत होती. मी त्या माणसाला दारातून बाहेर काढलं, त्याच्या चपला त्याच्या हातात दिल्या आणि त्याच्या जागी जाऊन उभा राहिलो. सुमन सांगत होती एक आणि उमटत होतं दुसरंच. तेलुगू ओठांवर हिंदी आवाज चढवणाऱ्यांना असाच आनंद होत असेल. संध्याकाळी संहितानं न वाचताच ते ॲपवर टाकून दिलं आणि मला मस्त झोप लागली.

रविवारी सकाळी यशवर्धन आणि सूनबाई बाजारात गेले होते आणि आम्ही तिघं चहा घेत होतो. संहिता फोन घेऊन माझ्या शेजारी येऊन बसली. “आबा, ऐका, कमेंट्स आल्या आहेत. खूप आल्या आहेत.” तिच्या आवाजावरूनच मला कळायला हवं होतं. ती वाचायला लागली. “‘ताई, हा टॉर्चवाला कोण?’ दुसरी, ‘ताई, बटला दुपारी सोलतायत ना? मग दुपारी टॉर्च कशाला?’ हा एक इंदूरचाच आहे, ‘भिया, गोदावरी किनारे भी बत्ती गुल रहती है क्या?’ ही म्हणते, ‘मागच्या भागातला राजा परत द्या, हा कुठून आणला?’ आणि ही सोलापूरची अनुष्का, ‘आमच्या घरी तेलुगू बोलतात, मी मूळ पिक्चर पाहिलाय. त्या जागी नुसतं एक गाणं आहे, दोघं बर्फात नाचतात आणि सहा वेळा कपडे बदलतात. टॉर्च कुठेच नाही. पण असू दे ताई, बिचारा उभा आहे तर उभा राहू दे.’”

दुपारचं माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. टॉकीजमध्ये सदा अंधार. इतकी वर्षं तिथं काढली, की कोणासाठी दारात उभं राहायचं म्हटलं की माझ्या हातात टॉर्च येणारच.

“कोण टॉर्चवाला?” सुमन म्हणाली.

“तूच सांगितलंस ना आजी,” संहिता म्हणाली.

“मी? वाच पहिल्यापासून.”

संहितानं वाचलं. मी बशीतल्या चहाकडे बघत होतो. बेताची उंची गेली, सोलता न येणं गेलं, टॉर्च आला, ठेचकाळणं आलं, आणि माझंच वाक्य माझ्याच नातीच्या तोंडून इतकं उघडं-नागडं ऐकू आलं, की मला वाटलं, हे एवढंच कापून टाकता आलं तर. मी वर बघितलं तेव्हा सुमननं पदर तोंडाशी धरला होता. खांदे हलत होते. मला वाटलं ती रडतेय. मग तिच्या तोंडून जो आवाज निघाला, त्यानं खिडकीवरची चिमणी उडाली. ती हसत होती, अशी की तिला धड बसता येईना. “दुपारी!” ती म्हणाली. “दुपारी टॉर्च घेऊन!” संहिताही हसायला लागली, आणि मग एकदम थांबून तिनं माझ्याकडे बघितलं, आजीकडे बघितलं. पोरगी हुशार आहे. “मी अजून चहा ठेवते,” म्हणाली आणि आत गेली.

सुमननं डोळे पुसले. “माझा माणूस कुठे गेला?” ती म्हणाली.

“तो कोण होता?” मी म्हणालो. इतके दिवस अडकलेलं ते सहज बाहेर पडलं, जसं काही मी चहात साखर किती विचारत होतो.

“अभिराम,” ती म्हणाली. लगेच. लपवायचं असं तिच्या मनात काही नव्हतंच. “पुढच्या भाडेकरूंचा भाचा. परीक्षेला आला होता. एक हिवाळा होता आमच्याकडे. अभ्यासाचा कंटाळा आला की मागच्या अंगणात यायचा. मग निकाल लागला, गेला.”

“आणि?”

“आणि काय? मी थोडी रडले. आईला वाटलं दाढ दुखतेय. तिनं लवंग दिली.”

मला तिच्या त्या दाढेचं वाईट वाटलं. खरंच वाटलं. एक लहान मुलगी गालात लवंग धरून बसलेली मला दिसली, आणि त्या हातांवरचा माझा राग कुठे गेला कळेना. पण मुख्य ते राहिलंच होतं. “मग इतक्या वर्षांनी त्याला कशाला आणलंत?” मी म्हणालो. मी तिला रागावलो किंवा घाबरलो की अहो-जाहो करतो, ते तिला माहीत आहे.

ती माझ्याकडे बघत राहिली, जशी ती भाजीवालीनं चुकीचा हिशेब केला की बघते. “अहो, तुम्ही रोज त्या पोरांचं पहिल्यापासून सांगता. कुठे भेटले, काय झालं, मग काय झालं. मला वाटलं, आपलंही एकदा असं सांगून बघावं. मलाही बघायचं होतं, आपलं कधी झालं. पहिल्यापासून सांगायचं तर पहिलं तो येतो, म्हणून त्याला आणलं. तुम्ही पुढे येणार होतात.”

“पुढे म्हणजे कधी?”

“मला काय ठाऊक! तेच तर शोधत होते. सांगत सांगत गेले असते तर सापडलं असतं. मी अजून देवासमधून निघालेही नव्हते आणि तुम्ही मध्येच घुसलात. टॉर्च घेऊन.” तिला परत हसू आलं. “मी काय तुम्हाला गाळणार होते?”

बाहेर कचऱ्याची गाडी तिचं गाणं वाजवत गल्लीत आली आणि गेली. मग मी म्हणालो, “आणि सापडलंच नाही तर?”

तिनं उगीच नाही-नाही केलं नाही, विचार केला. सुमन विचार करताना बांगडी वर-खाली करते, तशी करत होती. “मग नाही सापडलं असं लिहा,” ती म्हणाली. “पण मला वाटतं सापडेल. त्या वर्षांत गर्दी किती होती. यशवर्धनचा दमा, तुमची मिल, सासूबाईंचं आजारपण. त्या गडबडीत काहीतरी झालंय खरं, मला आठवतं की आधी नव्हतं आणि नंतर होतं. मधलं कुठे पडलंय ते बघायला पाहिजे.”

संहिता चहा घेऊन आली. तिनं सगळं ऐकलं होतं हे तिच्या लाल झालेल्या नाकावरून कळत होतं, पण ती फोनकडेच बघत म्हणाली, “आबा, तिकडे भांडणं लागली आहेत. अर्धे लोक टॉर्चवाल्याच्या साइडला आहेत. सोलापूरवाली म्हणते, त्याला खुर्ची तरी द्या.”

“त्यांना सांग, थांबा म्हणावं,” सुमन म्हणाली. “त्याचा नंबर यायचाय. आधी तो कालचा भाग नीट कर. राजा उंच होता. गुणगुणायचा. डोकं आपटायचा. सगळं परत घाल.” मग माझ्याकडे वळली. “आणि तुम्ही. मी सांगीन तेच लिहायचं. एक अक्षर मनाचं घालायचं नाही.”

“बरं.”

“शपथ?”

“बरं म्हटलं ना.”

मी फोन घेतला. संहितानं माझ्या पाठीमागे उशी लावली आणि स्वतः सतरंजीवर पालथी पडून हनुवटी हातावर टेकवली, लहानपणी टीव्हीसमोर पडायची तशी. उंच राजा मी परत आणला, त्याचं डोकं परत आपटलं, आणि खरं सांगायचं तर तो मला आता आवडायला लागला होता. त्याची परीक्षा झाली, निकाल लागला. सुमननं त्याला नावेत बसवलं आणि नाव पलीकडच्या तीराला गेली. मी तेही लिहिलं. भानूच्या गालात लवंग दिली.

“आता?” मी म्हणालो.

“आता लिहा,” सुमन म्हणाली. ती ताठ बसली, पदर सारखा केला. “मग भानूचं लग्न ठरलं. तिला नवरा मुळीच आवडला नव्हता.”

“आजी!” संहिता उठून बसली. “भानूचं लग्न राजाशी होतं. सगळ्यांनी पिक्चर बघितलाय. लोक मारतील आपल्याला.”

“पिक्चरनं त्याचं त्याचं बघावं. लिहिलंत का?”

“‘नवरा’पर्यंत आलोय,” मी म्हणालो.

“मुळीच आवडला नव्हता,” सुमननं परत सांगितलं, सावकाश, एकेक अक्षर मला सापडेल अशा बेतानं. “एक तर बुटका. त्यात बघायला आला तेव्हा पोहे खाताना मान वर केली नाही. तिला त्याचा चेहरा दिसला नाही, नुसते कान दिसले. आणि ते कान, अगं संहिता, काय सांगू तुला...”

संहिता हसून लोळत होती. मी ‘बु’ शोधला, ‘ट’ शोधला, ‘का’ शोधला. कानांना वेळ लागला, कारण सुमनला त्यांचं पुष्कळ सांगायचं होतं. मी सगळं लिहिलं, जसंच्या तसं, काही गाळलं नाही, आणि पुढच्या वाक्यासाठी बोट उचलून थांबलो.